कांटेरी पाहुणा : नर कीं मादी ?

घरांत कोंबडीं पाळलीं तर कोंबडा कोणता आणि कोंबडी कोणती, हें लहान मूलहि तुऱ्यावरून सांगतें. मोराचा पिसारा लांबूनच दिसतो. बोकडाची दाढी आणि बैलाचें वशिंड यांविषयीं तर कोणाला शंकाच येत नाहीं. परंतु अलीकडे शहरांतील कांहीं हौशी घरांत एक असा प्राणी येऊं लागला आहे कीं, तो महिनोन्‌महिने आपल्या हातावर खेळला तरी त्याचें नांव राजा ठेवावें कीं राणी, याचा उलगडा होत नाहीं. हात लावला कीं तो फुसफुसतो, आणि डोळ्याचें पातें लवतें न लवतें तोंच त्याचा एक कांटेरी चेंडू होऊन बसतो. या प्राण्यास इंग्रजींत हेजहॉग म्हणतात. गुजराथींत त्याला ‘शेळो’ म्हणतात, हिंदींत ‘झाऊ चूहा’ म्हणतात. आपल्या महाराष्ट्रांत मात्र सर्वांच्या तोंडीं बसलेलें असें त्याचें नांव नाहीं, म्हणून इंग्रजी नांवच आपण वापरूं.

श्रोतेहो, आजच्या भाषणांत दोन प्रश्नांचा विचार करावयाचा आहे. हेजहॉगचा नर व मादी कशीं ओळखावीं, हा पहिला. आणि त्याच्या वागण्याचा अर्थ कसा लावावा, हा दुसरा. विवेचन नुसतें पुस्तकी राहूं नये म्हणून एक घर आपण डोळ्यांसमोर ठेवूं. रेणुकामातेच्या देवस्थानामुळें ओळखलें जाणारें केडगांव हें पुणें रस्त्यावरचें गांव आतां अहिल्यानगर शहराचाच एक भाग होऊन गेलें आहे. तेथील एखाद्या नव्या इमारतींतील दोन खोल्यांच्या घरांत मुलांच्या हट्टानें हा प्राणी आला आहे, असें समजूं. प्रश्न सर्वत्र तेच असले, तरी नगरकडील हवेमुळें त्यांना एक निराळें वळण मिळतें, तें पुढें दिसून येईल.

कोणी म्हणेल, नर असो वा मादी असो, प्राणी तोच. मग ही एवढी चौकशी कशाला? तिचें पहिलें कारण असें कीं, एकट्या प्राण्याला करमत नसेल म्हणून घरांतील मंडळी दुसरा आणतात, आणि दुकानदाराच्या शब्दावर विसंबून दोघांनाहि मादी समजून एका पेटींत ठेवतात. हेजहॉगचा गर्भकाळ अवघा पस्तीस दिवसांच्या आसपास असतो आणि एका वेतास सामान्यतः तीन-चार पिलें होतात. ध्यानींमनीं नसतां पेटींत पिलें दिसलीं, मुलांनीं तीं पाहण्यासाठीं गर्दी केली, कोणीं एखादें हातांत घेतलें, कीं घाबरलेली मादी आपलीं पिलें स्वतःच खाऊन टाकते. तो प्रकार ज्या मुलांनीं पाहिला, त्यांच्या मनावरचा डाग लवकर पुसला जात नाहीं.

दुसरें कारण याहून गंभीर आहे. मादीच्या बिछान्यावर रक्ताचा डाग दिसला, तर घरांतील वडील माणसें ‘ऋतु प्राप्त झाला असेल’ असें म्हणून स्वस्थ राहतात. हेजहॉगच्या मादीला मासिक ऋतुस्राव होतच नाहीं. पाळीव माद्यांत वय वाढूं लागलें म्हणजे गर्भाशयाचे विकार व गांठी वारंवार आढळतात, आणि रक्त हें त्यांचें पहिलें लक्षण असतें. त्या दिवशीं डॉक्टरकडे नेलेली मादी शस्त्रक्रियेनें वांचण्याचा संभव असतो. महिन्यानें नेलेलीचा तितका राहत नाहीं. तिसरें कारण नराविषयींचें आहे. त्याच्या पोटाच्या मध्यावर नैसर्गिक असा एक लहानसा उंचवटा असतो. तो पाहून त्यास गळूं झालें असें समजून कोणी मलम चोळतात, तर कोणी तो दाबून पाहतात. म्हणून नर-मादी ओळखणें ही केवळ नांव ठेवण्यापुरती गोष्ट नाहीं. प्राण्याच्या जीविताशीं तिचा संबंध आहे.

आतां या प्राण्याची ओळख करून घेऊं. कांटे पाहून पुष्कळ लोक त्यास साळिंदराचें पिलूं समजतात. ती समजूत चुकीची आहे. साळिंदर हा उंदीर-खारीच्या कुळांतला, कंदमुळें कुरतडणारा, दहा-पंधरा किलो वजनाचा प्राणी; त्याचे कांटे वीतभर लांब असतात आणि सहज गळून पडतात. हेजहॉगचें वजन बहुधा अर्ध्या किलोच्या आंतबाहेर असतें, कांटे बोटाच्या दोन पेरांहूनहि आंखूड असतात, आणि त्याचें नातें साळिंदरापेक्षां आपल्या मोरींत रात्रीं चिकचिक करीत फिरणाऱ्या चिचुंद्रीशीं अधिक जवळचें आहे. चिचुंद्रीचें लांब, सतत हलणारें नाक आणि तिचे बारीक डोळे आठवा. हेजहॉगचा मुखवटा तोच आहे. दोघेहि रात्रीं फिरणारे, दोघांचीहि दृष्टि अधू आणि घ्राणेंद्रिय तीक्ष्ण, आणि दोघांचें मुख्य अन्न किडेमकोडे. हें नातें ध्यानांत ठेवलें म्हणजे त्याच्या स्वभावाचें अर्धें कोडें सुटतें.

भारतांत हेजहॉगच्या तीन जाती आहेत. राजस्थान व गुजरातच्या कोरड्या मुलुखांत लांब कानांची एक व फिकट रंगाची दुसरी आढळते. तिसरी उघड्या पोटाची जात दक्षिणेंत, मुख्यतः तमिळनाडूच्या बाजूस, आहे. फिकट जातीचें शास्त्रीय वर्णन कलकत्त्याच्या एशियाटिक सोसायटीच्या संग्रहालयाचे अधिकारी एडवर्ड ब्लाइथ यांनीं १८४६ मध्यें केलें. हे सर्व वन्य प्राणी होत. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यामुळें त्यांस पकडणें, विकणें किंवा घरांत बाळगणें हा गुन्हा ठरतो. पाळीव म्हणून जगांत ज्याचा प्रसार झाला आहे तो आफ्रिकेंतील पांढऱ्या पोटाचा, ठेंगणा हेजहॉग होय. १९८० नंतरच्या दशकांत अमेरिकेंत तो घरोघरीं पोंचला आणि तेथून इतर देशांत गेला. दुकानदार ‘आफ्रिकेचा’ म्हणून जो देतो तो खरोखरच तेथला आहे कीं कच्छच्या माळावरून चोरून आणलेला आहे, हें पाहण्याची एक सोपी खूण आहे. त्याच्या मागच्या पायाचीं बोटें मोजावीं. आफ्रिकी जातीच्या मागच्या पायांना चारच बोटें असतात. आपल्या देशी जातींत आंतल्या बाजूस पांचवें लहानसें बोट असतें. पांच बोटें मोजलीं गेलीं, तर व्यवहार तेथेंच थांबवावा.

नर-मादी ओळखणें कठीण कां, याचें कारण त्याच्या चेंडू होण्यांत आहे. हेजहॉगचे कांटे म्हणजे कठीण झालेले केंसच. आपलीं नखें ज्या द्रव्याचीं बनतात त्याच द्रव्याचे ते बनलेले असून आंतून पोकळ असतात. ते तीन-चार हजार तरी भरतील. ते विषारी नसतात व तो ते फेंकूनहि मारीत नाहीं. कातडीखालीं, पाठीच्या कडेनें, एक जाड वर्तुळाकार स्नायु असतो. पिशवीच्या तोंडाची नाडी ओढावी त्याप्रमाणें हा स्नायु आवळला म्हणजे पाठीची कांटेरी कातडी सबंध अंगावरून खालीं ओढली जाते आणि डोकें, पाय व पोट त्या पिशवींत बंद होतात. पिशवीची ही नाडी बाहेरून कोणासहि सोडतां येत नाहीं. बोटें घालून ओढणारास कांटे टोंचतात, प्राण्याला वेदना होतात, आणि स्नायु अधिकच आवळला जातो. जें अंग पाहिल्यावांचून नर-मादी कळत नाहीं, नेमकें तेंच अंग त्यानें सर्वांत सुरक्षित ठेवलेलें आहे. तें पाहण्याचा मार्ग एकच. तो आपण होऊन उलगडेल अशी परिस्थिति निर्माण करणें.

ही परीक्षा संध्याकाळनंतर, तो स्वाभाविकपणें जागा होतो त्या वेळीं करावी. दिवसां झोपेंतून उठवून करूं नये. खोलींत आवाज नसावा, दिवा मंद असावा, आणि हाताला अत्तर, कांदा किंवा तळणाचा वास नसावा. हातमोजे घालूं नयेत. मोज्यांतून त्याला माणसाच्या हाताचा वास मिळत नाहीं, आणि वास हीच त्याची ओळख आहे. कांट्यांची भीति वाटत असेल, तर रोजच्या वापरांतला मऊ पंचा हातावर घ्यावा. दोन्ही ओंजळींत त्याला उचलून पाठ खालीं व पोट वर अशा स्थितींत अलगद धरावें आणि कांहीं न करतां वाट पाहावी. पांच मिनिटें, दहा मिनिटें, प्रसंगीं त्याहूनहि अधिक वेळ लागेल. प्रथम नाक बाहेर येतें, मग पुढचे पाय, मग सावकाश पोट मोकळें होतें.

ज्यास हातावर उताणें राहणें मुळींच आवडत नाहीं, त्याच्यासाठीं दुसरी युक्ति आहे. कांचेचें किंवा पारदर्शक पदार्थाचें एक सपाट तबक घेऊन त्यावर त्यास ठेवावें आणि तो चालूं लागला म्हणजे तबक किंचित् उंच धरून खालून पाहावें. त्याला कळतहि नाहीं आणि आपलें काम होतें. तबकावर एखादा किडा ठेवला, तर चेंडू लवकर उलगडतो. तिसरा उपाय उथळ, कोमट पाण्याचा. घमेल्यांत बोटभर पाणी घेऊन त्यांत सोडल्यास तो हातपाय मोकळे करतो. परंतु पाणी पोटापर्यंतच असावें आणि नंतर अंग पूर्ण कोरडें करावें. थंडीच्या दिवसांत हा उपाय टाळलेला बरा.

पोट दिसलें म्हणजे पुढील काम क्षणाचें आहे. शेपटीजवळ गुदद्वार असतें. तेथून डोक्याच्या दिशेनें दृष्टि पुढें न्यावी. मादीचें जननद्वार गुदद्वाराला अगदीं लागूनच असतें. दोन्ही इतकीं जवळ असतात कीं प्रथमदर्शनीं एकच वाटावीं. नराचें तसें नसतें. गुदद्वारापासून पुढें मोकळी जागा लागते आणि मोठ्या नराच्या बाबतींत सुमारें दोन बोटांच्या अंतरावर, पोटाच्या मध्याशीं, नाभीच असावी असें वाटणारें एक गोल बटण दिसतें. तेंच नराचें इंद्रिय. सारांश, द्वारांचें रूप पाहूं नये, त्यांच्यामधील अंतर पाहावें. अंतर नसेल तर मादी, असेल तर नर.

येथें नेहमीं होणाऱ्या घोटाळ्यांविषयीं दोन शब्द सांगणें अवश्य आहे. स्तनाग्रें दिसलीं म्हणून मादी, असें ठरवूं नये. तीं नरालाहि असतात. कुत्र्या-बोकडाप्रमाणें वृषण लोंबत नाहींत म्हणून मादी, असेंहि म्हणूं नये. हेजहॉगच्या नराचे वृषण शरीराच्या आंतच असतात, बाहेर लोंबणारी पिशवी त्यास नसतेच. आकार, रंग किंवा कांट्यांची लांबी यांवरून कांहींच ठरत नाहीं. कित्येकांचा असा समज असतो कीं फुसफुसणारा तो नर आणि शांत ती मादी. हा समज तर अगदींच निराधार आहे.

पिलांनाहि हाच अंतराचा नियम लागू पडतो. त्यांच्यांत अंतर थोडें असलें तरी भावंडें शेजारीं शेजारीं धरून पाहिल्यास भेद स्पष्ट होतो. परंतु जन्मानंतरचे पहिले दोन-तीन आठवडे पेटीला हातहि लावूं नये. पिलें जन्मतात तेव्हां त्यांचे कांटे फुगलेल्या कातडीखालीं दबलेले असतात, त्यामुळें आईला इजा होत नाहीं. थोड्याच वेळांत ते वर येतात. डोळे उघडावयास दोन-अडीच आठवडे लागतात आणि पांच-सहा आठवड्यांनीं पिलें दूध सोडतात. दूध सुटतांच नर-मादी पाहून नरांना आई व बहिणींपासून वेगळें करावें. या प्राण्यांत वयांत येणें फार लवकर होतें. दोन महिन्यांचे भाऊ-बहीण एकत्र राहिले तर अजाण मादीला गर्भ राहतो आणि त्यांत तिचा जीवहि जाऊं शकतो.

नर कीं मादी हें कळलें; आतां दुसऱ्या प्रश्नाकडे वळूं. त्याचें वागणें कसें समजावें ? नाकानें फुसफुस करून कपाळावरचे कांटे डोळ्यांवर ओढणें, ही त्याची पहिली भाषा. आपण तिला राग म्हणतों; वस्तुतः ती भीति आहे. अंगावर उसळी मारून टक्‌टक् असा आवाज काढणें ही त्याच भीतीची पुढची पायरी. अशा वेळीं हात मागें घेऊन पुन्हां पुन्हां लावण्यापेक्षां तो स्थिर ठेवावा, म्हणजे वास घेऊन तो स्वतःच ठरवितो. कांटे सपाट निजलेले आणि नाक हलत असलेलें, ही निर्धास्तपणाची खूण. हलकी किलबिल किंवा घुरघुर ऐकूं आली तर स्वारी खुशींत आहे असें समजावें.

एक प्रकार मात्र पाहणाराला दचकवितो. नवीन वासाची वस्तु मिळाली कीं तो ती चाटतो, चावतो, तोंडांत फेंस आणतो, आणि मान वेडीवांकडी वळवून तो फेंस आपल्या पाठीच्या कांट्यांवर थापतो. फेंस पाहून घरांतील माणसें ‘पिसाळला’ म्हणून घाबरतात. पिसाळण्याशीं याचा कांहींएक संबंध नाहीं. हा त्या जातीचा जन्मजात विधि आहे. पिलें सुद्धां तो करतात आणि नर-मादी दोघेहि करतात. तो कां करतात याविषयीं शास्त्रज्ञांचें एकमत झालेलें नाहीं. आपला वास लपविण्यासाठीं, असें कांहींचें म्हणणें आहे. कांट्यांना उग्र द्रव्य लावून शत्रूला दूर ठेवण्यासाठीं, असें दुसऱ्यांचें. आपण विधि संपेपर्यंत स्वस्थ बसावें, हें उत्तम.

दिवसभर झोपणें हाहि आजार नव्हे. मोकळ्या रानांत युरोपांतील हेजहॉग एका रात्रींत एक-दोन किलोमीटर भटकतो. तेवढी चाल पेटींत होत नाहीं म्हणून त्याला फिरतें चाक द्यावें, तेंहि भरीव तळाचें. तारांच्या चाकांत पाय अडकून मोडतात. त्याला सोबत लागत नाहीं. सोबतीविना प्राणी झुरेल, ही माणसाची कल्पना; रानांत तो विणीचा काळ सोडून एकटाच राहतो. दोन नर एकत्र ठेवल्यास रक्तपात होतो, नर-मादी ठेवल्यास संतति होते. दोन माद्या कधीं कधीं नांदतात, परंतु वेगळ्या पेट्या हीच खरी निश्चिंती.

नर-मादीच्या वागण्यांत खरा भेद दिसतो तो फक्त मीलनाच्या वेळीं. नर बारीक आवाज काढीत मादीभोंवतीं घिरट्या घालतो. मादी फुसफुसत, कांटे उभारून जागच्या जागीं फिरते. हा फेर कधीं कधीं तासभरहि चालतो. एरव्हीं स्वभाव लिंगावर अवलंबून नसतो. तो लहानपणीं मिळालेल्या हाताळणीवर, मालकाच्या सवयींवर आणि त्या त्या प्राण्याच्या प्रकृतीवर अवलंबून असतो. मुलाची हौस अशी असते कीं, मादी कळली म्हणजे प्रेमळ प्राणी कळला. तसें होत नाहीं. नर-मादीच्या ज्ञानानें त्याचा स्वभाव कळत नसतो, त्याला असलेला धोका कळतो. स्वभाव कळावयास पुन्हां तीच वाट पाहावी लागते, जी आपण त्याचें पोट दिसावें म्हणून पाहिली.

आतां केडगांवच्या घराकडे येऊं. नगर जिल्हा पर्जन्यछायेंतला, कोरड्या हवेचा. मे महिन्यांत दुपारीं पारा चाळिसाच्या घरांत जातो, आणि डिसेंबर-जानेवारींत पहांटे तो दहा अंशांच्या आसपास, कधीं त्याहूनहि खालीं, उतरतो. आफ्रिकी हेजहॉगला मानवणारी उष्णता साधारणतः चोवीस ते एकोणतीस अंशांची. म्हणजे वर्षांतील दोन्ही टोंकांस केडगांवची हवा त्याच्या मर्यादेबाहेर असते. हिंवाळ्यांत सकाळीं पेटी उघडावी तों प्राणी थंडगार, अर्धवट गुंडाळलेला, हालचाल नाहीं, श्वास दिसत नाहीं. घरांतील मंडळी मेला म्हणून मातीला नेण्याच्या तयारीस लागतात. पुष्कळदां तो मेलेला नसतो. थंडीच्या गुंगींत असतो. युरोपांतील जातींना अशी निद्रा हिंवाळाभर सोसते, कारण त्या आधीं चरबी सांठवून ठेवतात. आफ्रिकी जातीला ती सोसत नाहीं. अशा वेळीं शेकोटी किंवा कढत पाणी यांचा उपयोग करूं नये. कपड्याखालीं आपल्या पोटाशीं धरून माणसाच्या अंगाची ऊब सावकाश द्यावी, आणि शुद्धीवर आल्यावरहि जनावरांच्या डॉक्टरास दाखवावें. उन्हाळ्यांत उलट लक्षण दिसतें. चारी पाय पसरून तो पोटावर सपाट पडतो. तेव्हां पेटी घरांतील सर्वांत थंड फरशीवर न्यावी व पिण्याचें पाणी बदलावें. ओला पडदा खिडकीला लावावा, प्राण्यावर थेट पंखा सोडूं नये.

अन्नाविषयीं एक चूक आपल्याकडे हटकून होते, ती दुधाची. धामण गाईच्या सडाला लागून दूध पिते, असें आपल्या खेड्यांतून म्हणतात. हेजहॉगविषयीं युरोपांत हुबेहूब तशीच समजूत होती, आणि तिच्यामुळें लोक त्याच्यापुढें दुधाची वाटी ठेवीत. दूध त्याला पचत नाहीं. जुलाब होऊन तो खंगतो. दूध-पोळी हा त्याचा आहार नव्हे. पाळलेले किडे, शिजविलेलें अंडें किंवा बिनमसाल्याचें मांस आणि मांजरासाठीं मिळणारें कोरडें खाद्य बेताबेतानें, असा त्याचा आहार असावा. ज्या घरांत मांसाहार चालत नाहीं, त्यांनीं हा प्राणी आणण्यापूर्वींच या गोष्टीचा विचार करावा. स्वच्छतेचाहि नियम कडक हवा. अंगावर रोगाचें चिन्ह नसतांहि त्याच्या विष्ठेंत साल्मोनेला नांवाचे जंतु असूं शकतात. २०१९ मध्यें अमेरिकेंत पाळीव हेजहॉगपासून अनेक लोकांना त्यांची बाधा झाली. हाताळल्यावर साबणानें हात धुवावे, त्याचीं भांडीं स्वयंपाकघरांत धुऊं नयेत, आणि पांच वर्षांखालील मुलांच्या हातीं तो देऊं नये. त्याच्या कातडीवरील बुरशीनें माणसाला गजकर्णहि होतें.

शेवटीं एका अवघड गोष्टीचा उल्लेख केला पाहिजे. हौस फिटली, किंवा नको असतांना पिलें झालीं, म्हणजे कोणाच्या मनांत येतें कीं, केडगांवाबाहेर माळ आहेच. तेथें सोडून द्यावें, देव त्याला पोशील. तसें कदापि करूं नये. त्यांतील बहुतेक प्राणी पहिल्याच थंडींत मरतील, आणि जे तगतील ते अधिक अनर्थ करतील. स्कॉटलंडजवळच्या साउथ उइस्ट बेटावर १९७४ मध्यें कांहीं हेजहॉग सोडण्यांत आले. त्यांची संतति इतकी वाढली कीं जमिनीवर घरटें करणाऱ्या पक्ष्यांच्या अंड्यांचा तेथें विध्वंस झाला. आपल्या माळावर टिटवी आणि चंडोल जमिनीवरच अंडीं घालतात. सोलापूर व नगर जिल्ह्यांतील माळरानें ज्याच्यासाठीं १९७९ मध्यें राखून ठेविलीं, तो माळढोकहि उघड्या जमिनीवर बहुधा एकच अंडें घालतो, आणि तो आज येथून जवळजवळ नाहींसा झाला आहे. त्याच्या वांट्याला आणखी एक शत्रु आपण आणूं नये. उलट, कोठें देशी वन्य प्राणी जखमी किंवा बांधलेला आढळला, तर वनखात्याच्या १९२६ या क्रमांकावर कळवावें. तमिळनाडूच्या कांहीं भागांत हेजहॉगची कातडी डांग्या खोकल्यावर औषध म्हणून वापरण्याचा प्रघात आहे. तिच्यांत औषधाचा कांहीं गुण नाहीं, प्राण मात्र जातो.

श्रोतेहो, ज्या प्राण्याला पळतां येत नाहीं आणि लढतांहि येत नाहीं, त्यास निसर्गानें मिटून जाण्याची विद्या दिली आहे. त्याला पाळावयाचें तर दोन अंतरें ध्यानांत ठेवावीं : पोटावरचें, ज्यावरून नर-मादी कळते, आणि आपल्या हातांतलें व त्याच्या भीतींतलें, जें एकाएकीं कमी होत नाहीं. आणि एवढा धीर व एवढी ऊब देण्याची तयारी घरांत नसेल, तर मुलांना हा प्राणी चित्रांत दाखवावा आणि रात्रीं मोरीशीं येणाऱ्या चिचुंद्रीकडे बोट करून सांगावें कीं, बाळांनो, ही त्याची मावशी. तीहि त्याच्याइतकीच पाहण्यासारखी आहे, आणि तिला पेटींत ठेवावें लागत नाहीं.